गाइड पथक चालतं कसं, आणि ते मुलींच्या हाती आलं कसं

४ सप्टेंबर १९०९ रोजी लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये ब्रिटनमधल्या बालवीरांचा, म्हणजे स्काऊट मुलग्यांचा, पहिला मोठा मेळावा भरला. दहा हजारांहून अधिक मुलगे आपापली पथकं घेऊन आले होते. त्या गर्दीत मुलींचाही एक लहानसा घोळका होता. मुलग्यांसारख्याच रुंद काठाच्या हॅट त्यांनी घातल्या होत्या आणि हातात काठ्याही होत्या. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. पाहणी करत करत स्काऊट चळवळीचे संस्थापक रॉबर्ट बेडन-पॉवेल त्यांच्यापाशी पोहोचले, तेव्हा मुलींनी आपण स्काऊट असल्याचं सांगितलं आणि मुलींसाठीही असं काही हवं, असा आग्रह धरला.

गाइड चळवळीचा इतिहास सांगताना बरेचदा बेडन-पॉवेल यांच्यापासून सुरुवात होते आणि मुली त्यांच्या कृपेने आत आल्यासारखं चित्र उभं राहतं. प्रत्यक्षात मुली आधी आल्या आणि संघटना नंतर झाली. पुढच्या सगळ्या गोष्टी, म्हणजे पथकाची रचना, वचन, बिल्ले, शिबिरं, या एका मुद्द्यापासून पाहिल्या तर नीट उलगडतात.

मुली तिथवर पोहोचल्या त्या एका पुस्तकामुळे. १९०८च्या जानेवारीपासून बेडन-पॉवेल यांचं ‘स्काऊटिंग फॉर बॉईज’ हे पुस्तक पाक्षिक भागांत निघू लागलं. किंमत अगदी थोडी, त्यामुळे ते घरोघर पोहोचलं. भावासाठी आणलेले भाग बहिणींनी वाचले. माग काढणं, तारे ओळखणं, गाठी मारणं, जखमेवर पट्टी बांधणं हे सगळं आपल्याला जमण्यासारखं आहे, एवढं त्यांना दिसलं. मग मैत्रिणी जमवून त्यांनी स्वतःच टोळ्या केल्या. ग्लासगोमधली ‘ककू’ टोळी अशीच सुरू झाली होती. नोंदणीच्या अर्जावर पूर्ण नाव लिहिलं तर मुलगी असल्याचं कळेल, म्हणून अनेकींनी नुसती आद्याक्षरं आणि आडनाव लिहिलं. अशा रीतीने हजारो मुली मुलग्यांच्या संघटनेत दाखल झालेल्या होत्या. क्रिस्टल पॅलेसमधला घोळका हा त्यांचा फक्त दिसलेला भाग होता.

मुली कुणा मोठ्या माणसाशिवाय पथकं उभी करू शकल्या, याचं कारण त्या पद्धतीच्या रचनेतच आहे. ही पद्धत आधी समजून घ्यायला हवी.

बोअर युद्धात, १८९९-१९०० साली, दक्षिण आफ्रिकेतल्या माफेकिंग या गावाला सुमारे सात महिने वेढा पडला होता. तिथे मुलग्यांचं एक पथक निरोप पोहोचवणं, पहारा देणं अशी कामं करत होतं. वेढ्यात बचावाचं नेतृत्व करणाऱ्या बेडन-पॉवेल यांनी हे पाहिलं होतं. मुलांवर खरी जबाबदारी टाकली की ती ती पेलतात, ही खात्री तिथून आली. १ ऑगस्ट १९०७ रोजी इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्याजवळच्या ब्राऊनसी बेटावर त्यांनी वीसेक मुलग्यांचं शिबिर घेतलं. त्यात श्रीमंत शाळांतली मुलं होती आणि कामगारांच्या घरांतलीही. त्यांच्या चार टोळ्या केल्या: लांडगे, डोमकावळे, बैल आणि कुरल पक्षी. प्रत्येक टोळीला एक नायक. टोळीतला प्रश्न टोळीत सुटायचा, आणि सूचना थेट मुलाला न जाता नायकामार्फत जायची.

स्काऊट आणि गाइड दोन्हींचा गाभा हाच आहे. आपल्याकडे या टोळीला संघ म्हणतात आणि तिच्या प्रमुख मुलीला संघनायिका. एका संघात साधारण सहा ते आठ मुली असतात. ही संख्या विचारपूर्वक ठरलेली आहे. सहा-आठ जणींत कुणीच लपू शकत नाही. चूल पेटवायची तर कुणी लाकडं आणायची, कुणी पाणी, हे वाटून घ्यावंच लागतं. तीस मुलींच्या रांगेत मागे उभं राहून वेळ काढता येतो, संघात येत नाही. तीन-चार संघ मिळून पथक होतं. पथकाच्या मोठ्या ताईला गाइड कॅप्टन म्हणतात, आणि तिचं काम संघनायिकांना शिकवून बाजूला राहण्याचं असतं.

बाजूला राहणं नुसत्या सदिच्छेवर सोडलेलं नाही. त्यासाठी मानसभा आहे. सगळ्या संघनायिका आणि कॅप्टन एकत्र बसतात. येत्या महिन्यात काय करायचं, शिबिर कुठे न्यायचं, जमा पैसे कशावर खर्च करायचे, एखादी मुलगी वचनाला तयार आहे का, कुणाच्या वागण्याबद्दल तक्रार असेल तर काय करायचं, हे सगळं तिथे ठरतं. नायिका मानसभेला येण्याआधी आपल्या संघाची बैठक घेते आणि त्यांचं म्हणणं घेऊन येते. कॅप्टन सल्ला देते. धोक्याची गोष्ट असेल तरच थांबवते. बारा-तेरा वर्षांच्या मुलीला आपल्या सात मैत्रिणींचं म्हणणं समजून घेऊन, ते आपल्या मताविरुद्ध असलं तरी, सभेत मांडावं लागतं. या एका कृतीतून ती जे शिकते ते नागरिकशास्त्राच्या कुठल्याही धड्यात मिळत नाही, असं मला वाटतं.

आता पुन्हा १९०९कडे. मुलींची मागणी टाळता येईना, तेव्हा बेडन-पॉवेल यांनी त्याच नोव्हेंबरात मुलींसाठी वेगळ्या संघटनेची योजना प्रसिद्ध केली. स्काऊट हे नाव मात्र दिलं नाही. मुलगे चिडतील आणि पालक मुलींना पाठवणार नाहीत, अशी भीती होती. त्या काळच्या वर्तमानपत्रांतून मुली पुरुषी होतील अशी ओरड सुरूही झाली होती. पर्यायी नाव त्यांना सुचलं ते आपल्या उपखंडातून. १८४६ साली हॅरी लम्सडेन यांनी पेशावरला ‘कोअर ऑफ गाइड्स’ ही पलटण उभी केली होती. वायव्य सरहद्दीवर फिरणाऱ्या आणि खाकी गणवेश पहिल्यांदा वापरणाऱ्या या पलटणीवरून मुलींच्या संघटनेला गाइड हे नाव मिळालं.

काम सोपवलं गेलं ते बेडन-पॉवेल यांची धाकटी बहीण ॲग्नेस यांच्यावर. १९१० साली संघटना रीतसर सुरू झाली तेव्हा त्या पन्नाशीच्या होत्या. ॲग्नेस यांच्याबद्दल नंतरच्या लोकांनी जुन्या वळणाची बाई असं लिहून ठेवलं, ते मला अन्यायाचं वाटतं. मधमाश्या आणि फुलपाखरं पाळणारी, बलूनमधून आकाशात जाणारी ही बाई होती. १९१२ साली भावाच्या पुस्तकावर बेतलेली मुलींची हस्तपुस्तिका त्यांनी तयार केली. तिच्यात घरकाम आणि बाळसंगोपनाची प्रकरणं आहेत, आणि मुलींनी साम्राज्याच्या उपयोगी पडावं हा सूरही आहे. पण पहिल्या वर्षांतल्या बिल्ल्यांची यादी पाहा: स्वयंपाक आणि शुश्रूषेच्या जोडीला सायकलस्वार, टेलिग्राफिस्ट, इलेक्ट्रिशियन. तेव्हा ब्रिटनमध्ये बायकांना संसदेसाठी मतदानाचा हक्कही नव्हता. संघांची नावं प्राण्यांऐवजी फुलांची ठेवली गेली, हे पालकांच्या समाधानासाठी. त्या फुलांच्या नावाखाली मुली तंबू ठोकत होत्या आणि झेंड्यांनी संदेश पाठवत होत्या.

पहिल्या महायुद्धाने शंका काढणाऱ्यांची तोंडं बंद केली. ब्रिटनच्या एमआय-फाइव्ह या गुप्तचर खात्याने निरोप्यांच्या कामावर आधी बालवीर ठेवले होते. ते फार दंगा करतात, असा अनुभव आला आणि १९१५ साली त्यांच्या जागी गाइड मुली आल्या. वय चौदा ते सोळा, पगार आठवड्याला दहा शिलिंग. नेत असलेले कागद वाचणार नाही, असा शब्द त्यांच्याकडून घेतलेला असे. युद्ध संपल्यावर व्हर्सायच्या तह परिषदेसाठी गेलेल्या ब्रिटिश शिष्टमंडळाबरोबरही काही गाइड मुली निरोप्या म्हणून गेल्या.

याच काळात लहान बहिणींनी हट्ट धरला म्हणून त्यांच्यासाठी १९१४ साली ‘रोझबड’ हा गट निघाला. ते नाव मुलींना आवडलं नाही आणि वर्षभरात ‘ब्राऊनी’ हे नाव आलं. आपल्याकडे त्याच वयाच्या मुलींना बुलबुल म्हणतात. बेडन-पॉवेल यांनी १९१२ साली ओलेव्ह सोम्स यांच्याशी लग्न केलं होतं. ओलेव्हबाई १९१८ साली चीफ गाइड झाल्या आणि चळवळीचा व्याप त्यांनी जगभर वाढवला. अमेरिकेत १२ मार्च १९१२ रोजी ज्युलिएट गॉर्डन लो यांनी जॉर्जिया राज्यातल्या सव्हाना शहरात १८ मुलींना घेऊन सुरुवात केली. त्यांना ऐकू जवळजवळ येत नव्हतं. तिथल्या मुलींनी ‘गर्ल स्काऊट’ हेच नाव घेतलं आणि मुलग्यांच्या संघटनेने हरकत घेऊनही सोडलं नाही.

संघानंतर या पद्धतीतली दुसरी गोष्ट म्हणजे वचन. दाखल झालेली मुलगी लगेच गाइड होत नाही. आधी काही आठवडे ती प्रवेशाची तयारी करते: वचन आणि नियम, खूण, वंदन, झेंडा, सुरुवातीच्या गाठी. मग पथकासमोर ती वचन घेते. त्यात तीन भाग असतात: ईश्वर किंवा धर्म आणि देश यांच्याविषयीचं कर्तव्य, इतरांना मदत, आणि गाइड नियमांचं पालन. वंदनाला उभी धरलेली तीन बोटं आणि बिल्ल्यावरची तीन पानं याच तीन भागांची. काळाबरोबर वचन बदललेलं आहे. ब्रिटनमध्ये २०१३ साली त्यातून देवाचा उल्लेख काढून स्वतःशी प्रामाणिक राहण्याचा शब्द आला. आपल्या नियमांत प्राण्यांशी मैत्री, काटकसर आणि सार्वजनिक मालमत्तेचं रक्षण आहे. हे वचन कुणी वर्गात सामुदायिकरीत्या म्हणवून घेऊ नये. ते एकेका मुलीने, स्वतः तयार झाल्यावर, आपल्या तोंडाने द्यायचं असतं. तरच त्याला वजन येतं.

तिसरी गोष्ट कसोट्यांची. भारतात प्रवेशानंतर प्रथम, द्वितीय आणि तृतीय सोपान, मग राज्य पुरस्कार आणि शेवटी राष्ट्रपती पुरस्कार अशा पायऱ्या आहेत. बुलबुलसाठी सर्वांत वरचा सन्मान गोल्डन ॲरोचा. या कसोट्यांत पहिला-दुसरा क्रमांक नसतो. मोडलेल्या हाताला झोळी नीट बांधता आली की झालं. शेजारची मुलगी तुमच्याआधी शिकली याने काही बिघडत नाही. गाठींचंच घ्या. रीफ नॉट सारख्या जाडीच्या दोन दोऱ्या जोडते आणि पट्टी बांधायला उपयोगी पडते, क्लोव्ह हिचने दोर खांबाला बांधून पुढचं काम सुरू करता येतं, आणि बोलाईनचा फास ओढला तरी आवळत नाही, म्हणून माणसाला वर ओढताना तीच गाठ वापरतात. गाठ कुठे आणि का, हे कळल्याशिवाय ती येते असं धरत नाहीत. बिल्ले मुलीच्या आवडीवर सोडलेले असतात. मुलगी स्वतः निवडते, शिकते आणि त्या विषयातल्या जाणकारासमोर करून दाखवते.

या सगळ्याचा कस लागतो तो शिबिरात. महाराष्ट्रातल्या गाइड शिबिरात गेलेल्या कुठल्याही बाईला बिनभांड्याचा स्वयंपाक आठवत असतो. भांडी नाहीत, तेव्हा कणकेचा गोळा काठीला गुंडाळून निखाऱ्यावर भाजायचा, बटाटे आणि कांदे चिखलात लिंपून राखेत पुरायचे. काठ्या आणि सुतळी एवढ्यावर ताटं ठेवायची मांडणी, चपलांचं स्टँड, टॉवेल वाळवायची दांडी उभी करायची. रात्री शेकोटी, तिच्यासमोर प्रत्येक संघाचं गाणं किंवा छोटं नाट्य. घरी ज्या मुलीला अंधारात अंगणात जाऊ देत नाहीत ती इथे रात्री पहाऱ्याची पाळी करते. शाळांतून चालणारा ‘खरी कमाई’ हा उपक्रमही याच वृत्तीचा: मुली भेळ, सरबत विकतात, छोटी कामं करतात आणि मिळालेल्या पैशाचा हिशेब स्वतः ठेवतात.

ही पद्धत किती पक्की आहे याचा पुरावा मला मेळाव्यांत आणि संचलनांत मिळत नाही. तो मिळतो दुसऱ्या महायुद्धातल्या दोन ठिकाणी, जिथे संघटनेचं बाकी काहीच शिल्लक नव्हतं.

फेब्रुवारी १९४२मध्ये सिंगापूर जपानच्या हाती पडलं आणि तिथल्या ब्रिटिश व इतर युरोपीय बायकामुलांना चांगीच्या तुरुंगात डांबण्यात आलं. तिथे एलिझाबेथ एनिस या परिचारिकेने आठ ते सोळा वर्षांच्या वीसेक मुलींचं गाइड पथक सुरू केलं. गणवेश नाही, पुस्तक नाही, पोटाला पुरेसं नाही. पण आठवड्याची सभा भरत होती. मिसेस एनिस यांच्या वाढदिवसासाठी मुलींनी गुपचूप एक गोधडी शिवायला घेतली. जुन्या कपड्यांच्या चिंध्यांतून षट्कोनी तुकडे कापून त्यांची फुलं केली आणि आपली नावं सुईने भरली. दोरा मिळावा म्हणून जुनी शिवण उसवून काढली जाई. ती गोधडी टिकून आहे. तिच्यावरूनच पुढे त्या तुरुंगातल्या बायकांनी आपल्या मोठ्या गोधड्या केल्या, असं मानलं जातं.

दुसरं ठिकाण जर्मनीतली राफेन्सब्र्युक ही स्त्रियांची छळछावणी. १९४१च्या अखेरीस तिथल्या पोलिश कैद्यांपैकी युझेफा कांटोर या शिक्षिकेने गुप्तपणे गाइड पथक बांधलं. त्याचं नाव ‘मुरी’, म्हणजे भिंती. हळूहळू त्यात शंभराच्या आसपास मुली आणि बायका आल्या आणि त्यांचे संघ पाडले गेले. स्वतः तगून राहायचं आणि दुसरीला तगवायचं, एवढंच काम. आजारी बाईसाठी भाकरीचा तुकडा राखून ठेवणं, नव्याने आणलेल्या भेदरलेल्या मुलीला सांभाळणं, हे संघ वाटून घेत. पकडलं जाणं म्हणजे मरण होतं. अशा जागी त्यांना सहा-आठ जणींचा संघच आठवला, कारण त्यांना एकत्र काम करायची तीच रीत बालपणापासून हाताला होती.

या चळवळीचा दुसरा चेहराही लपवता कामा नये. भारतात पहिलं गाइड पथक १९११ साली जबलपूरला निघालं, तेव्हा ते युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलींपुरतं होतं. ज्या साम्राज्याने आपल्या उपखंडातल्या पलटणीचं नाव उचललं, त्याने इथल्या मुलींना मात्र दाराबाहेर ठेवलं. दक्षिण आफ्रिकेत कृष्णवर्णीय मुलींसाठी ‘वेफेअरर’ नावाची वेगळी संघटना काढली गेली आणि १९३६पर्यंत ती वेगळीच राहिली. ‘सर्वांची बहीण’ असा नियम पाठ करणाऱ्या संघटनेत हे घडलं. आपल्याकडे दारं उघडण्यामागे दबावही होता. ॲनी बेझंट आणि जॉर्ज अरुंडेल यांनी १९१७ साली मद्रासला भारतीय मुलांची स्वतंत्र स्काऊट संघटना काढली, आणि पुढच्याच वर्षी पंडित मदनमोहन मालवीय, हृदयनाथ कुंझरू आणि श्रीराम बाजपेयी यांनी अलाहाबादला सेवा समितीची संघटना उभी केली. भारतीय मुलं आपली वाट स्वतः काढतील, हे यातून दिसलं.

१९२८ साली हंगेरीतल्या पाराड इथे गाइड मुलींची जागतिक संघटना स्थापन झाली, तेव्हा संस्थापक देशांत भारत होता. स्वातंत्र्यानंतर ७ नोव्हेंबर १९५० रोजी मुलग्यांच्या संघटना एक होऊन ‘भारत स्काऊट्स अँड गाइड्स’ झाली आणि १५ ऑगस्ट १९५१ रोजी गाइड संघटना तिच्यात आली. जागतिक संघटनेची आंतरराष्ट्रीय केंद्रं आहेत. पहिलं १९३२ साली स्वित्झर्लंडमधल्या अडेलबोडेनला झालं, नंतर लंडनला आणि मेक्सिकोतल्या क्वेर्नाव्हाकाला. १९६६च्या ऑक्टोबरात आशियातलं केंद्र उघडलं ते पुण्यात. ‘संगम’ नावाच्या या वास्तूचं उद्‌घाटन करायला ओलेव्ह बेडन-पॉवेल स्वतः आल्या होत्या. आळंदी रस्त्यावरून रोज जाणाऱ्या कित्येक पुणेकरांना हे ठाऊक नसतं की आत अनेक देशांतल्या मुली एकत्र राहून शहरातल्या स्वयंसेवी संस्थांबरोबर काम करत आहेत.

मुलींचं वेगळं पथक आता हवंच कशाला, हा प्रश्न रास्त आहे. ब्रिटनमध्ये १९९१पासून स्काऊट पथकं मुलींना खुली करता येऊ लागली, पुढे इतरत्रही तसं झालं. माझं मत असं की निवड मुलीची असावी. पण जिथे मिश्र गटात नायक आपोआप मुलगा होतो आणि चहा-नाश्ता मुलींकडे जातो, तिथे मुलींचं पथक अजून लागतंच. त्यात चूल पेटवणारीही मुलगी, तंबूचा दोर ताणणारीही मुलगी आणि सभा चालवणारीही मुलगीच असते.

महाराष्ट्रातल्या अनेक शाळांत गाइड पथक आहे. आकाशी गणवेश, स्कार्फ, शिट्टी, सगळं आहे. पण कित्येक ठिकाणी त्याचा उपयोग पाहुण्यांना मानवंदना द्यायला, स्वागताला रांगेत उभं राहायला आणि स्वातंत्र्यदिनाच्या संचलनाला होतो. संघ कागदावर असतात, नायिका बाईंनी नेमलेली असते, शिबिराचा कार्यक्रम वरून ठरून येतो. क्रिस्टल पॅलेसला न बोलावता गेलेल्या मुलींनी ज्यासाठी हट्ट धरला होता ते यात उरत नाही. शिक्षिकांकडे तासिका कमी, शिबिराला पालकांची परवानगी मिळत नाही, या अडचणी खऱ्या आहेत. तरी आठवड्यातला एक तास मुलींच्या संघांना मोकळा देणं कुठल्याही शाळेला शक्य आहे, आणि त्याला पैसा लागत नाही. तुमची मुलगी किंवा नात गाइड असेल, तर पुढच्या पालकसभेत गणवेशाबद्दल विचारू नका. मानसभा महिन्यातून किती वेळा भरते, आणि तिथे शेवटी कोण ठरवतं, एवढं विचारा.